ब्राझीलमधले जर्मन

२५ जुलै १८२४ रोजी दक्षिण ब्राझीलमध्ये, आजच्या साओ लिओपोल्दो इथे, जर्मन स्थलांतरितांची पहिली तुकडी उतरली. मायदेशी जमीन पुरत नव्हती, म्हणून ते निघाले होते. वाट्याला आलं दाट जंगल. ते तोडून त्यांनी शेतं केली आणि स्वतःच्या बळावर शाळा, चर्च उभारली.

या इतिहासातलं सर्वांत जिव्हारी लागणारं पान राष्ट्राध्यक्ष गेतुलिओ व्हार्गास यांच्या राजवटीचं. १९३८ पासून जर्मन माध्यमाच्या शाळा बंद पडल्या. महायुद्धात चारचौघांत जर्मन बोलणं गुन्हा ठरला. ज्या आजीला पोर्तुगीज येतच नव्हतं, तिने बाजारात बोलायचं तरी कसं? आज ब्राझीलमधल्या ब्लुमेनाऊ शहराच्या ऑक्टोबरफेस्टचे फोटो जगभर फिरतात, पण तो उत्सव १९८४ साली सुरू झाला. आम्हाला त्या बंद शाळा अधिक मोलाच्या वाटतात, म्हणून या अंकाचा मोठा भाग त्यांना दिला आहे.

आणि पोमेरेनियातून आलेल्या स्थलांतरितांच्या पोमेरेनियन बोलीला. १९४५ नंतर पोमेरेनियातून जर्मनांची हकालपट्टी झाली, मूळ प्रदेशात ती बोली जवळपास लोपली. एस्पिरितो सांतो राज्यातल्या सांता मारिया दे जेतिबाचे शेतकरी मात्र आजही ती घरात बोलतात, आणि त्या गावाने तिला पोर्तुगीजच्या जोडीने अधिकृत दर्जाही दिला आहे.