उजेडाचं बिल

फँटसी म्हटलं की आपल्याकडे अजूनही दोनच प्रतिक्रिया येतात. एक, ‘हॅरी पॉटर का?’ आणि दोन, ‘ते लहान मुलांचं असतं ना?’ नोकरीला लागल्यावर माणसाने म्हणे फक्त मॅनेजमेंटचे फंडे आणि श्रीमंत होण्याचे मार्ग वाचायचे. असो! आज तुम्हाला अशा दोन दुनियांमध्ये नेते, जिथे सगळा कारभार उजेडावर चालतो. पैसा आणि करिअर या विषयांवर त्या आपल्याशी जास्त खरं बोलतात, असं माझं स्पष्ट मत आहे.

पहिली दुनिया रोशर. ब्रँडन सँडरसन या अमेरिकन लेखकाची ‘द स्टॉर्मलाइट अर्काइव्ह’ ही मालिका. 2010 साली ‘द वे ऑफ किंग्ज’ आलं, 2024 साली पाचवं ‘विंड अँड ट्रुथ’. प्रत्येक पुस्तक हजार पानांच्या वर, म्हणजे उशीला उत्तम पर्याय. रोशरवर प्रचंड वादळं येतात. काचेच्या गोटीत बसवलेली रत्नं त्या वादळात बाहेर ठेवली की त्यात उजेड भरतो. हीच गोटी तिथलं नाणं आणि हाच तिथला दिवा. पाकीट उघडलं की खोली उजळते! श्रीमंताचं घर लखलखीत आणि गरिबाचं अंधारं, हे तिथे शब्दशः खरं आहे.

गंमत पुढेच आहे. हा उजेड हळूहळू गळतो. विझलेल्या गोटीची किंमत तीच राहते, पण दुकानदार संशयाने बघतो, कारण खोटं रत्न उजेड धरत नाही. चमक म्हणजे अस्सलपणाचा पुरावा. आणि या बाजारात सगळ्यात स्वस्त काय? हिरा! सगळ्यात महाग पाचू. का? तर पाचू वापरून जादूने धान्य तयार करता येतं. पोट भरणारी वस्तू महाग, नुसती मिरवायची स्वस्त. आपल्या लग्नाच्या बाजारात हे सांगून बघा जरा!

तिथे टेक्नॉलॉजीही आहे. एका माणकाचे दोन तुकडे करून दोन लेखण्यांना लावायचे. इथे एकीने लिहिलं की दूर कुठेतरी दुसरी तस्संच लिहिते. झालं की चॅटिंग! वाचताना आपण ‘काय भन्नाट आयडिया आहे यार’ म्हणतो. पण त्या माणकात ‘स्प्रेन’ नावाचा एक छोटासा आत्मा कोंडलेला असतो. 2020 च्या ‘रिदम ऑफ वॉर’मध्ये हा प्रश्न नीट समोर येतो: आपली सोय व्हावी म्हणून कुणाला तरी कोंडून ठेवायचं का? तोवर आपण तीन जाडजूड पुस्तकं त्या लेखण्यांवर फिदा झालेले असतो. बरोबर तिथेच लेखक आपल्याला पकडतो.

दुसरी दुनिया ब्रेंट वीक्सच्या ‘लाइटब्रिंगर’ मालिकेतली. पहिलं पुस्तक ‘द ब्लॅक प्रिझम’, तेही 2010 चंच. इथे काही माणसं डोळ्यांनी विशिष्ट रंगाचा उजेड पिऊन त्याची वस्तू बनवतात. त्यांना म्हणतात ड्राफ्टर आणि त्या पदार्थाला ल्युक्सिन. निळं ल्युक्सिन कडक, हिरवं लवचिक, लाल चिकट आणि भडकन पेटणारं. पिवळं अचूक जमलं तर जवळपास अभेद्य, जरा चुकलं की परत उजेड होऊन गायब. आपला रंग आसपास नसेल तर? त्या रंगाचा चष्मा लावून पांढऱ्या भिंतीकडे बघायचं. जादू आहे, पण फिजिक्सच्या प्रॅक्टिकलसारखी.

आता बिलाकडे येऊ. ड्राफ्टरने जितका उजेड वापरला तितका रंग त्याच्या बुबुळात साठत जातो. तो भरून बाहेर सांडला की माणूस वेडा आणि धोकादायक होतो. म्हणून त्याआधीच एका धार्मिक विधीत त्याला मारलं जातं. विधीचं नाव काय, तर ‘मुक्ती’! बहुतेकांना म्हातारपण दिसतच नाही. वर शिकायला पैसे नसतील तर कुणीतरी खर्च उचलतो आणि बदल्यात बाँड लिहून घेतो. बाँड हा शब्द वाचून किती जणांना आपलं पहिलं ऑफर लेटर आठवलं, हात वर करा.

सँडरसनने 2007 साली एक नियम मांडला होता. जादूने अडचण सोडवायची असेल, तर ती जादू कशी चालते ते वाचकाला आधी नीट कळलेलं हवं. मला या पुस्तकांत आणखी एक नियम दिसतो. ताकद कुठून येते आणि तिचे पैसे कोण भरतं, हेही सांगितलं पाहिजे. रोशरमध्ये कोंडलेले स्प्रेन भरतात, ‘लाइटब्रिंगर’मध्ये ड्राफ्टर स्वतःच्या आयुष्यातून भरतो.

माझी एक मैत्रीण 4 वर्षं नाइट शिफ्ट करतेय. परदेशातल्या लोकांचा दिवस नीट जावा म्हणून ही रात्रभर ट्यूबलाइटखाली. ‘द ब्लॅक प्रिझम’ परत देताना ती एवढंच म्हणाली, ‘यांचं बरंय गं, किती उरलंय ते डोळ्यांत दिसतं तरी.’ मला पटकन काही बोलता आलं नाही. विचार करा, आपल्या बुबुळांतही असं कडं दिसलं असतं, तर शुक्रवारी संध्याकाळी ‘सोमवारपर्यंत करून दे ना’ म्हणणाऱ्या बॉसची नजर खाली गेली असती का? की आपणच गॉगल लावून ‘हो सर, होऊन जाईल’ म्हटलं असतं?

दुसरीच शक्यता जास्त वाटते. म्हणून तर ही पुस्तकं लहान मुलांची नाहीत. वेळ कमी असेल तर ‘द ब्लॅक प्रिझम’पासून सुरुवात करा, लांब सुट्टी मिळणार असेल तर ‘द वे ऑफ किंग्ज’ उचला. आणि हो, रात्री दोन वाजेपर्यंत वाचत बसू नका. डोळे आपलेच आहेत!