जुन्या टचफोनातला गोऱ्हा

शिक्षक मित्रांनो, पालकहो, घरात जुना टचस्क्रीनचा साधा फोन पडला असेल, नोकिया आशा नाहीतर सॅमसंग चॅम्प, तर भंगारवाल्याला देऊ नका.

१९९६ साली जपानमध्ये तामागोची आलं. अंड्याएवढं, तीन बटणांचं खेळणं. पडद्यावरच्या पिल्लाला खाऊ घालायचं, घाण काढायची. दुर्लक्ष झालं की ते मरायचं. आता स्मार्टफोनवर टॉम मांजर आहे, पण मांजर कमी अन् जाहिराती जास्त! माझं मत स्पष्ट आहे, लहान लेकरांना असा खेळ जुन्या फोनवरच बरा. नेट नाही, सूचनांची टुणटुण नाही.

मात्र तो जुळवून घ्यावा लागतो. जुने जावा खेळ बहुतेक बटणांच्या फोनसाठी लिहिलेले. टचफोनवर टाकले की खाली नकली बटणं उमटतात, अर्धा पडदा तीच खातात आणि प्राणी उरतो बोराएवढा. माझा एक माजी विद्यार्थी अकोल्याला कॉम्प्युटर शिकतो, तो आमच्यासाठी असा खेळ बसवतोय. तीनच मोठी चित्रं: कुटार, पाणी, खराटा. अक्षरं नाहीत, कारण देवनागरी प्रत्येक फोनात नीट दिसत नाही.

खरी गंमत भुकेची. या फोनात खेळ बंद केला की बंदच होतो. मग भूक वाढते कशी? बंद करतानाची वेळ जपून ठेवायची, उघडताना वजाबाकी करायची. सकाळी ९:५० ला बंद, संध्याकाळी ५:२० ला उघडला, म्हणजे साडेसात तास. तासाला २ गुण कमी, २० पैकी उरले ५. चौथीला वेळेची वजाबाकी मी आता अशीच शिकवते. एका पोराने फोनची तारीखच मागे नेली. "मॅडम, गोऱ्ह्याले उलटी भूक लागली!" मी रागावले नाही. वजाबाकी उलटी आली तर भूक शून्य धरायची, हा नियम मग त्यानेच सुचवला.

प्राणी मरू द्यावा का? जबाबदारी कळेल, असं काही सहकारी म्हणतात. मला नाही पटत. आपल्या वऱ्हाडातल्या लेकराने चारा संपल्यावर गोठा रिकामा होताना पाहिलेला असतो. तिथे त्याची चूक नसते; खेळात मात्र मरण त्याच्याच माथी येतं, तेही दोन दिवस मामाच्या गावाला गेलं म्हणून! गोऱ्हा अशक्त होऊ द्या, बसून राहू द्या. चारापाणी, थोडी ढेप मिळाली की तीन दिवसांत उभा राहू द्या.

हो, मांजर नको, गोऱ्हाच हवा, हा वर्गाचा हट्ट. तान्ह्या पोळ्याला लाकडी बैल सजवणारी लेकरं ही. शिंगं लाल करायची की हिरवी, यावर अजून भांडण चालू आहे.