सगळ्यांसाठी एकच चौथरा
थोर माणसाची शवपेटी लोकांच्या दर्शनासाठी ठेवायची, तर तिच्याखाली चौथरा लागतो. युरोप-अमेरिकेत त्याला कॅटाफाल्क म्हणतात. तो दर वेळी नवा आणि आधीच्यापेक्षा भव्य बांधावा, की सगळ्यांसाठी एकच साधा ठेवावा? माझे मत साध्या चौथऱ्याच्या बाजूने आहे, आणि त्याचे कारण काटकसर हे नाही. १५९८ मध्ये स्पेनचा राजा दुसरा फिलिप वारला. पोर्तुगालचा मुकुटही त्याच्याच डोक्यावर होता, म्हणजे तेव्हाचा पोर्तुगीज गोवाही त्याच्याच अमलाखाली. सेव्हिया शहराने आपल्या कॅथेड्रलमध्ये हुआन दे ओव्हिएदोच्या आराखड्यानुसार त्याच्यासाठी अवाढव्य कॅटाफाल्क उभारला. राजाचा देह तिथे नव्हताच. तो एस्कोरिअलच्या मठात होता. नोव्हेंबरात विधी सुरू झाला आणि न्यायमंडळाच्या बाकावर काळे कापड का अंथरले, यावरून इन्क्विझिशनचे, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाचे, अधिकारी आणि न्यायाधीश यांच्यात जुंपली. धर्मबहिष्कारापर्यंत मजल गेली, मिस्सा अर्धवट राहिली आणि सगळा सोहळा डिसेंबरअखेरपर्यंत लांबला. स्पॅनिश लेखक सर्व्हान्तेसने या डामडौलाची टर उडवणारे सुनीतच लिहिले. मान थाटावरून मोजायचा ठरला, की मेलेला बाजूला राहतो आणि जिवंत माणसे आपापला मान मोजू लागतात, ते असे.

याउलट वॉशिंग्टनमधला चौथरा पाहा. एप्रिल १८६५ मध्ये राष्ट्राध्यक्ष लिंकन यांची हत्या झाली, तेव्हा कॅपिटॉल या संसदभवनाच्या घुमटाखाली शवपेटी ठेवण्यासाठी पाइनच्या ओबडधोबड फळ्या घाईने ठोकून वर काळे कापड चढवले गेले. लांबी ७ फूट १ इंच, रुंदी अडीच फूट, उंची जेमतेम २ फूट. खालचे जोते पुढे बदलले, कापड जीर्ण झाले तसे नवे आले, पण मूळ सांगाडा तोच राहिला. त्यावर गारफील्ड, केनेडी, रेगन हे राष्ट्राध्यक्ष विसावले. गुलामगिरीविरुद्ध हयात घालवलेले थॅडियस स्टीव्हन्स १८६८ मध्ये, तर नागरी हक्कांसाठी लाठ्या खाल्लेले जॉन लुईस २०२० मध्ये त्यावर होते. आणि १९२१ मध्ये पहिल्या महायुद्धात पडलेला एक सैनिक, ज्याचे नावसुद्धा कुणाला ठाऊक नव्हते. राष्ट्राध्यक्षाला आणि अनामिकाला त्याच फळ्या मिळाल्या. मला तर हे कोणत्याही संगमरवरी मंडपाहून थोर वाटते.

यावर कुणी म्हणेल, हा साधेपणा निव्वळ घाईतून आला, त्यात तत्त्व कसले? आरंभ घाईचा होता हे खरेच. पण पुढे दीडशेहून अधिक वर्षे उसंत, पैसा आणि कारागीर असतानाही त्या फळ्या टाकून दिल्या नाहीत. तत्त्व आहे ते या निवडीत. दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे. चौथरा समान असला, तरी त्यावर कोणाला ठेवायचे हे सत्ताधारीच ठरवतात. राजकीय सन्मानाने कॅपिटॉलमध्ये ठेवली गेलेली पहिली स्त्री म्हणजे न्यायमूर्ती रूथ बेडर गिन्सबर्ग, आणि त्यासाठी २०२० साल उजाडावे लागले. हा अन्याय फळ्यांनी दूर केला नाही, करणारही नव्हत्या. मात्र चौथऱ्याची उंची ठरलेली असली, की कोणाचा मंडप किती मोठा या वादाला जागा उरत नाही. मग ‘हा मान कुणाला नाकारला?’ हाच प्रश्न उघड्यावर येतो, आणि तोच विचारायला हवा.

भव्य रचनांनी कलावंतांना काम दिले, हेही मान्य. पण त्या कलेला जिवंतांच्या उत्सवांत भरपूर वाव आहे. आणि साधेपणाचा निर्णय मृत्यूनंतर, दुःखाच्या आणि चढाओढीच्या भरात होणे अवघड असते. तो आधीच लिहून ठेवावा लागतो. पोप फ्रान्सिस यांनी २०२४ मध्ये पोपच्या अंत्यविधीचे नियम बदलले. तीन शवपेट्यांऐवजी एक, आणि दर्शनासाठी उंच कॅटाफाल्क नाही. एप्रिल २०२५ मध्ये त्यांचा देह सेंट पीटर्समध्ये दर्शनासाठी ठेवला गेला, तो या नियमांप्रमाणेच.