नशीब आणि निदान

दसरा झाला की आमच्या शाळेच्या दारात एक बोलणे दरसाल ऐकू येते. एखादी बाई पोराचे बोट धरून उभी राहते, डोकीवरचा पदर सावरते आणि म्हणते, "गुरुजी, उद्या टरक येणार हाय. पोराला संगंच नेते. आमच्या नशिबीच कोयता लिहिलाय, त्याला तुमी तरी काय करावं?" दुसऱ्या दिवसापासून हजेरीपटावर त्या पोराच्या नावापुढे फुल्या पडू लागतात, त्या पाडव्यापर्यंत पडतच राहतात. बीड जिल्ह्यात, विशेषेकरून बालाघाटाच्या डोंगरपट्ट्यात, ज्या गावातून ऊस तोडावयास माणसे जात नाहीत असे गाव विरळा.

ह्या 'नशीब' शब्दाविषयी आज आम्हांस लिहावयाचे आहे. पाचवीच्या रात्री सटवाई येऊन कपाळावर लिहून जाते, अशी आमच्या आयाबहिणींची समजूत. पण कोयता सटवाईच्या लेखणीतून उतरत नाही, तो लोहाराच्या भट्टीत होतो. लोखंड पाहिजे, कोळसा पाहिजे, भाता ओढणारा पाहिजे, घाव घालणारा पाहिजे, आणि मूठ बसवावयास सुताराचा हात पाहिजे. ह्यांतले एक काढून घ्या, कोयता होत नाही. हे आमच्या कारागीर बंधूंस शिकवावयास नको. मग जो माणूस कोयत्याची कारणे बोटांवर मोजतो, तोच कोयता हाती येण्याची कारणे मोजावयाची वेळ आली म्हणजे आकाशाकडे का पाहतो?

भगवान बुद्धांनी उरुवेलेस पिंपळाखाली बसून जो विचार केला तो हाच. वैद्य रोग्याची नाडी पाहतो, रोग कशाने झाला ते शोधतो. त्यास आपण निदान म्हणतो. बुद्धांनी दुःखाचे निदान केले. कोणतीही गोष्ट एकटी व आपोआप उपजत नाही. कारणे जुळली म्हणजे ती होते, कारणे तुटली म्हणजे ती राहत नाही. पाली भाषेत ह्यास पटिच्चसमुप्पाद म्हणतात, संस्कृतात प्रतीत्यसमुत्पाद. शब्द जड आहे, परंतु गोष्ट कुणब्याच्या रोजच्या अनुभवाची आहे. बुद्धांनी दुःखाच्या साखळीच्या बारा कड्या सांगितल्या. त्यांसही निदानेच म्हणतात. पहिली कडी अविद्या, मध्ये तृष्णा, शेवटी जरामरण. अकरावीचे नाव 'जाति', म्हणजे नुसता जन्म. आमच्या देशात मात्र जन्म म्हटला की जात चिकटलीच!

कोणी म्हणेल, बुद्धही कर्म मानीत होतेच, मग नशिबाहून ते निराळे काय? मोळिय सीवक नावाच्या परिव्राजकाने त्यांस जवळजवळ हेच विचारले. माणूस जे सुखदुःख भोगतो ते सारे पूर्वीच्या कर्माचे फळ, असे काही लोक म्हणतात, ते खरे काय? बुद्धांनी त्यास सांगितले की दुखणे पित्ताने होते, कफाने होते, वाताने होते, तिन्ही मिळून होते, ऋतू पालटल्याने होते, शरीराची आबाळ झाल्याने होते, दुसऱ्याच्या माराने होते. आणि कर्माचे फळ ह्या यादीत आठवे. सारेच पूर्वकर्मावर घालणे त्यांनी चूक ठरविले. हे संयुत्त निकायात आहे. डॉ. आंबेडकरांचा बुद्ध आणि त्यांच्या धम्मावरील ग्रंथ १९५७ साली त्यांच्या मागे प्रसिद्ध झाला. पूर्वजन्मीच्या कर्माचा सिद्धांत गरिबाच्या हालांची जबाबदारी समाजाच्या अंगावरून झटकण्याच्याच कामी येतो, असे त्यात त्यांनी परखडपणे म्हटले आहे.

आता आमच्या जिल्ह्याचे निदान पाहू. पाऊस तुटपुंजा, जमीन हलकी, विहीर मार्गशीर्षात तळाला जाते. खरीप निघाले की हाताला काम नाही. लेकीचे लग्न, म्हाताऱ्याचे औषध, मागचे देणे, ह्यांसाठी मुकादमाकडून उचल घ्यावी लागते. उचल घेतली की नवराबायको मिळून एक कोयता होतो. दोन माणसे, हिशेबात एक. एकीने दुखण्यामुळे कामास खाडा केला तर दोघांची मजुरी बुडते, वर दंड. फडात आडोसा नाही, पुरेसे पाणी नाही, डोक्यावर मोळी. बाईस अंगावरचे दुखणे जडते, आणि डॉक्टर पिशवी काढावयास सांगतो. २०१९ साली हे प्रकरण गाजले व सरकारने समिती नेमली. त्या वेळी जिल्ह्यातील सुमारे ८२ हजार ऊसतोड स्त्रियांची पाहणी झाली. त्यांत १३ हजारांहून अधिक जणींचे गर्भाशय काढलेले निघाले. म्हणजे दर सहा जणींत एक! सहा जणींतील एकीच्याच कपाळावर सटवाईने शस्त्रक्रिया लिहिली, आणि तीही नेमकी कोयता धरणारीच्या?

शस्त्रक्रियेस पैसा लागतो, त्यासाठी पुन्हा उचल. पोर फडात जाते, शाळा सुटते. पोरगी मोठी दिसू लागली की तिला पाचटाच्या कोपीत एकटी ठेवावयाची आईस धास्ती. म्हणून लवकर लग्न. लग्न झाले की नवी जोडी, आणि जोडी झाली की नवा कोयता. ज्या पिकास सर्वांत अधिक पाणी लागते, ते तोडावयास ज्यांच्या गावी प्यावयास पाणी नाही ती माणसे जातात. आणि त्याची साखर आमच्या चहात पडते.

ह्यात दोषी कोण, असे विचारले की मौज होते. कारखाना म्हणतो, मजूर आमचे नव्हेत, वाहतूकदाराचे. वाहतूकदार मुकादमाकडे बोट दाखवितो. मुकादम म्हणतो, उचल मी कोणाच्या गळ्यात बांधली नाही. डॉक्टर म्हणतो, बाईनेच मागणी केली. नागसेन भिक्षूने मिलिंद राजास सांगितलेली एक गोष्ट येथे आठवते. एक मनुष्य दिवा घेऊन माडीवर जेवावयास बसला. दिव्याने छपराचे गवत पेटले, गवताने घर पेटले, घराने सारा गाव पेटला. गावकऱ्यांनी धरले तेव्हा तो म्हणू लागला की मी ज्या दिव्याच्या उजेडात जेवलो तो निराळा, गाव जळाला ती आग निराळी. नागसेनाने विचारले, राजा, न्याय कोणाच्या बाजूने देशील? राजाने गावाच्या बाजूने दिला, कारण ती आग त्या दिव्यापासूनच निघाली होती. आमच्या जिल्ह्यात माडीवर जेवणारे पुष्कळ आहेत. फुली मारून हजेरीपट मिटणारे आम्हीही त्यांतलेच.

परंतु बुद्धांनी साखळी सुलटी सांगितली तशीच उलटीही सांगितली. एक कडी तुटली की पुढली राहत नाही. जोतीराव फुल्यांनी १८८३ साली 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला, त्याच्या आरंभी शूद्रांच्या हालांची अशीच साखळी मांडली आहे, आणि तिचीही पहिली कडी अविद्या हीच. पाऊस आमच्या हाती नाही, उसाचा भाव आमच्या हाती नाही. पोर गावात ठेवणे पुष्कळसे आमच्या हाती आहे. ऊसतोड मजुरांच्या मुलांसाठी २०२१ साली संत भगवानबाबांच्या नावाने सरकारी वसतिगृहांची योजना निघाली. हंगामी वसतिगृहांची तजवीज त्याआधीपासूनची. आमचा अनुभव असा की बॉयलर पेटविण्याचा मुहूर्त आधी ठरतो आणि वसतिगृहाचा कागद कचेरीत फिरत राहतो. तो सुटेपर्यंत पोर फडात पोचून उसाची वाढी गोळा करू लागलेले असते.

तेव्हा आमचे म्हणणे एवढेच की गावातून किती पोरे मागे राहणार, कोणाची आजी घरी आहे, कोणाची नाही, ही यादी भाद्रपदातच झाली पाहिजे, आणि वसतिगृह पहिल्या टरकेच्या आधी उघडले पाहिजे. यादी आम्ही करावयास घेतली आहे. पुढल्या ग्रामसभेत ती वाचून दाखवू. ज्यांनी उचल घेतली आहे त्या आईबापांनी त्या दिवशी खाडा करून यावे. त्या खाड्याचा दंड अजून कोणी घेत नाही.