चष्मा गेला, आता पेग कधी?

डिसेंबर आणि लग्नसराई एकत्र आली की डोळ्यांच्या लेझर सेंटरमध्ये गर्दी वाढते. आयटीतल्या मुलामुलींच्या रजा शिल्लक असतात, लग्न ठरलेल्यांना फोटोत चष्मा नको असतो. नेमक्या त्याच दिवसांत नाताळ आणि थर्टीफर्स्ट येतात. त्या रात्री बार पहाटेपर्यंत उघडे ठेवायची परवानगी सरकारकडून मिळते, मित्रांचे बेत ठरलेले असतात. मग प्रश्न येतोच, ‘डॉक्टर, ऑपरेशननंतर किती दिवसांनी घेतली तर चालेल?’

उत्तरे अनेक मिळतात. कुणी २४ तास सांगतो, कुणी दोन दिवस, कुणी आठवडा, तर कुणी सरळ महिनाभर बंद म्हणतो. त्यामुळे रुग्णाला वाटते, कुणालाच नक्की माहीत नाही, म्हणजे फारसे काही होत नसावे. हा निष्कर्ष चुकीचा आहे. हे आकडे अनुभवातून आणि सावधगिरीतून आलेले आहेत आणि प्रत्येक आकड्यामागे वेगळा धोका धरलेला आहे. तो कोणता, हे कळले की आकड्यावरून वाद घालायची गरज उरत नाही.

आधी शस्त्रक्रियेपूर्वीची रात्र. ‘काल रात्री थोडी झाली होती, सकाळी उतरली’ हे वाक्य आमच्या ओपीडीत रोज ऐकू येते. हिशेब करून पाहू. व्हिस्कीची एक क्वार्टर म्हणजे १८० मिलिलिटर, त्यात साधारण ६० ग्रॅम शुद्ध अल्कोहोल असते. यकृत तासाला सात ते दहा ग्रॅमच्या आसपास अल्कोहोल निकाली काढते. कॉफी, लिंबूपाणी, थंड पाण्याची अंघोळ यांनी हा वेग वाढत नाही. म्हणजे रात्री एक वाजता संपवलेली क्वार्टर रक्तातून जायला सकाळचे सात ते साडेनऊ वाजतात. हाफ, म्हणजे ३७५ मिलिलिटर घेतली असेल तर दुसऱ्या दिवशीची दुपार, कदाचित संध्याकाळ. ‘मी फक्त बिअर घेतो’ म्हणणाऱ्यांसाठी सांगतो, आठ टक्क्यांच्या स्ट्राँग बिअरची ६५० मिलिलिटरची एक बाटली म्हणजे दोन लार्ज पेग.

आणि सकाळी नऊची अपॉइंटमेंट असते. रुग्णाची घबराट कमी करायला बऱ्याच ठिकाणी अल्प्राझोलाम किंवा डायझेपामसारखी गोळी देतात. दारू आणि ही गोळी दोन्ही मेंदूला एकाच जागी मंद करतात, त्यामुळे परिणाम एकमेकांवर चढतो. अर्धी गोळी घेऊन शांत पडून राहायला हवा तो माणूस गुंगीत जातो, श्वासही मंदावू शकतो. शिवाय संमतीपत्रावरची सही. ज्याच्या रक्तात अजून दारू आहे, त्याच्या सहीला काय अर्थ?

लेझर स्वतः फार नेमके आहे. १९८१ साली आयबीएमच्या प्रयोगशाळेत, मूळचे भारतातले रसायनशास्त्रज्ञ रंगास्वामी श्रीनिवासन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी थँक्सगिव्हिंगच्या जेवणातून उरलेल्या टर्कीच्या तुकड्यावर हा एक्सायमर लेझर चालवून पाहिला आणि आजूबाजूचा भाग न भाजता ऊतक कोरता येते हे दिसले. (सणाचे शिळे अन्न इतके सत्कारणी क्वचितच लागले असेल.) एका स्पंदनात मायक्रॉनचा जेमतेम चौथा हिस्सा निघतो. पण समोरच्या दिव्याकडे स्थिर पाहायचे काम माणसालाच करावे लागते. यंत्रातला ट्रॅकर डोळ्याचा पाठलाग करतो, डोळा फार सरकला तर यंत्र थांबते. मात्र हँगओव्हरमध्ये मळमळणारा, तहानलेला, हात थरथरणारा रुग्ण टेबलावर असणे कोणत्याच सर्जनला नको असते. आदल्या रात्रीच्या दारूने कोरडे झालेले डोळे मोजणीतही गडबड करू शकतात, आणि लेझर त्या मोजणीवरच चालतो.

आता शस्त्रक्रियेनंतर. लॅसिकमध्ये कॉर्नियाचा, म्हणजे बुबुळावरच्या पारदर्शक काचेचा, साधारण १०० ते १२० मायक्रॉन जाडीचा पापुद्रा उचलतात, खाली लेझर मारतात आणि पापुद्रा टाके न घालता परत बसवतात. पहिले काही दिवस तो धक्क्याने सरकू शकतो. म्हणून झोपताना डोळ्यांवर प्लास्टिकची जाळीदार ढाल लावायची, डोळे अजिबात चोळायचे नाहीत, थेंब वेळेवर टाकायचे. या तीन गोष्टी शुद्धीतल्या माणसालाही जड जातात. पिऊन आलेला माणूस कपडे न बदलता पालथा झोपतो, ढाल बॅगेतच राहते, डोळ्यांत खुपू लागले की झोपेतच मुठीने चोळतो. पापुद्र्याला घडी पडली तर तो पुन्हा उचलून सपाट करावा लागतो आणि उशीर झाला तर घडी पक्की होते. लेझरनंतरच्या पहिल्या आठवड्यात दारू टाळायचे माझ्या मते हे सर्वांत भक्कम कारण आहे, आणि ते रसायनशास्त्राचे नाही, वागण्याचे आहे. दुर्दैवाने सल्ल्याच्या कागदावर नेमके हेच लिहिलेले नसते.

स्माइल पद्धतीत पापुद्रा नसतो, छोटीशी चीर असते. तिथे हा धोका टळतो, चोळण्याचा आणि जंतुसंसर्गाचा टळत नाही. पीआरकेमध्ये कॉर्नियाचा वरचा थरच काढतात. तो भरून यायला तीन ते पाच दिवस लागतात, दुखते आणि पोटातून वेदनाशामके घ्यावी लागतात. आयबुप्रोफेन किंवा डायक्लोफेनॅकवर दारू म्हणजे जठरातून रक्तस्राव ओढवून घेणे. ट्रॅमाडॉल असेल तर गुंगी. पॅरासिटामॉल निरुपद्रवी वाटते, पण नियमित भरपूर पिणाऱ्याच्या यकृताला ते महागात पडू शकते. डोळ्यांत टाकायच्या अँटिबायोटिक थेंबांशी दारूचे भांडण असते ही समजूत मात्र सोडून द्यावी, तसे काही नाही. याच पीआरकेमध्ये वरचा थर सैल करायला अनेक सर्जन २० टक्के अल्कोहोलचे द्रावण कॉर्नियावर काही सेकंद ठेवतात. ‘मग डॉक्टर स्वतःच डोळ्यात दारू घालतात की’ असा युक्तिवाद ऐकायला मिळतो. ते अल्कोहोल मोजून ठेवतात आणि लगेच धुऊन काढतात. पोटात गेलेले तसे धुता येत नाही.

पोटातली दारू डोळ्यापर्यंत पोहोचते हेही खरे. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या कोरियन संशोधनात निरोगी पुरुषांना वजनाच्या प्रमाणात मद्य दिल्यावर ते अश्रूंमध्ये सापडले, अश्रूंची क्षारता वाढली आणि डोळ्यावरचा अश्रूंचा थर लवकर तुटू लागला. लॅसिकमध्ये कॉर्नियातल्या बारीक नसा कापल्या जातात. त्या पूर्ववत व्हायला कित्येक महिने लागतात आणि तोवर डोळा कोरडा राहतो. त्यात बारमधला एसी आणि धूर. काही आठवडे रात्री दिव्यांभोवती वलये दिसतात, ती वेगळीच. गाडी चालवण्यासाठी कायद्याची मर्यादा १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅम अल्कोहोल अशी आहे, पण ती ठरवताना समोरच्या हेडलाइटला वलय दिसणारा चालक कुणी धरलेला नाही.

इथवर अधूनमधून ‘बसणाऱ्यां’विषयी झाले. मला काळजी वाटते ती रोज घेणाऱ्याची. ‘ऑपरेशनच्या दोन दिवस आधी दारू बंद’ हा सल्ला अधूनमधून पिणाऱ्यासाठी उत्तम आहे. वर्षानुवर्षे रोज क्वार्टर-हाफ घेणाऱ्याने तो प्रामाणिकपणे पाळला तर गोष्ट बिघडू शकते. दारू अचानक तुटल्यावर सहा ते चोवीस तासांत हातपाय थरथरतात, घाम येतो, झोप उडते. पहिल्या दोन दिवसांत फिट येऊ शकते. दोन-तीन दिवसांनी काहींना भ्रम होतो, नसलेली माणसे दिसू लागतात. यात जीवही जातो. म्हणजे सल्ला पाळून आलेला माणूस नेमका सर्वांत वाईट अवस्थेत लेझरच्या टेबलावर पोहोचतो. अशा रुग्णाने आधी फिजिशियनकडे यावे, दारू औषधांच्या आधाराने टप्प्याटप्प्याने सुटावी आणि मगच डोळ्यांचा विचार व्हावा. लेझर कधीच तातडीचा नसतो, सहा महिन्यांनी केला म्हणून काही बिघडत नाही. दीर्घकाळच्या दारूने आणि निकृष्ट आहाराने डोळ्याची मुख्य नसही क्षीण होऊ शकते. ती नजर चष्म्याने सुधारत नाही, तशी लेझरनेही सुधारणार नाही.

अडचण अशी की हा माणूस खरे सांगत नाही. बावीस वर्षांच्या मुलासोबत आई आलेली असते. महाराष्ट्रात व्हिस्की-रमसाठी वयाची अट २५ वर्षांची, त्यामुळे कायद्याचाही संकोच. तरुणी तर या प्रश्नावर ‘नाही’च म्हणतात, कारण शेजारी होणारी सासू बसलेली असू शकते. मान खाली घालून लिहिता लिहिता ‘काही व्यसन?’ विचारले तर ‘नाही’शिवाय दुसरे उत्तर येणार नाही. व्यसन हा शब्दच चुकीचा आहे. नातेवाइकांना बाहेर थांबवून ‘शेवटची कधी घेतली, किती घेतली, आठवड्यातून किती दिवस?’ असे विचारले की लोक सांगतात.

ठोस आकडा हवाच असेल तर माझा असा. आधी किमान ४८ तास बंद. नंतर लॅसिक किंवा स्माइल असेल तर पूर्ण आठवडा. पीआरके असेल तर वरचा थर भरून आल्याचे डॉक्टरांनी सांगेपर्यंत आणि वेदनाशामके थांबेपर्यंत, आणि तेही आठवड्याच्या आत नाही. थर्टीफर्स्ट चुकवायचा नसेल तर लेझर जानेवारीत करा.

एक गोष्ट मात्र आकड्यांत बसत नाही. लेझरनंतर कुठलीशी स्वस्त, खात्री नसलेली दारू घेतली आणि दुसऱ्या दिवशी दोन्ही डोळ्यांना धुके पडल्यासारखे, बर्फ पसरल्यासारखे दिसू लागले, सोबत उलट्या किंवा पोटदुखी असली, तर ‘लेझरमुळे असेल, उद्या दाखवू’ म्हणून झोपू नका. मिथेनॉलच्या विषबाधेची लक्षणे अशीच बारा ते चोवीस तासांनी उमटतात. २०१५ मध्ये मुंबईच्या मालवणीत विषारी दारूने शंभराहून अधिक बळी घेतले ते याच विषामुळे. अशा वेळी डोळ्यांच्या दवाखान्यात न जाता डायलिसिसची सोय असलेले मोठे रुग्णालय गाठा, आणि काय घेतले, कधी घेतले ते दारातच सांगा.