पेटी, कुलूप आणि वर्गवारी

माझा भाचा कॉलेजात आहे. गेल्या रमजानमध्ये फजरच्या नमाजनंतर तो मोबाइलमध्ये डोकं घालून बसला होता. काय वाचतोस, असं विचारलं तर म्हणाला, "मामू, एससीपी. अजब वस्तूंची यादी आहे. तुम्हाला नाही पटायचं." मी सहज वाचायला घेतलं आणि ऊन चांगलं वर येईपर्यंत वाचत राहिलो.

एससीपी फाउंडेशन ही एक काल्पनिक गुप्त संस्था आहे. निसर्गनियमात न बसणाऱ्या वस्तू आणि जीव पकडायचे, कोंडून ठेवायचे आणि जगापासून लपवायचे, हे तिचं काम. २००७ साली इंटरनेटवर एका पुतळ्याची छोटीशी गोष्ट आली. तुम्ही बघत असेपर्यंत तो स्थिर असतो, पापणी लवली की मानगूट मोडतो. त्या एका गोष्टीतून पुढे शेकडो लेखकांनी मिळून हजारो नोंदी रचल्या. बहुतेक नोंदी सरकारी फाइलीच्या कोरड्या भाषेत आहेत आणि त्यांत वस्तूला एक वर्ग दिलेला असतो.

मुख्य वर्ग तीन: सेफ, युक्लिड आणि केटर. ते समजावण्यासाठी वाचक एक सोपी कसोटी सांगतात. वस्तू पेटीत घालून कुलूप लावा आणि निघून जा. काही झालं नाही, तर ती सेफ. काय होईल याचा भरवसा नसेल, तर युक्लिड. ती पेटी फोडून बाहेर येणारच असेल, तर केटर.

गंमत इथेच आहे. सेफ म्हणजे निरुपद्रवी नव्हे. दाबताच जग नष्ट करणारं एखादं बटण असलं, तरी कुणी दाबलं नाही तर ते पेटीत गप्प पडून राहतं, म्हणून ते सेफ. उलट केटर म्हणजे दुष्ट असंही नाही. त्याला कोंडणं जड जातं, एवढंच. म्हणजे हा शिक्का वस्तूचा स्वभाव सांगत नाही, पहारेकऱ्याची अडचण सांगतो.

याच यादीत एससीपी-५०० नावाच्या लाल गोळ्या आहेत. कुठलाही आजार बरा करणाऱ्या. वर्ग सेफ, जागा कुलपात. या गोळीची गरज कुणाला आहे, असा रकानाच त्या वर्गवारीत नाही. मला त्या पुतळ्यापेक्षा या गोळ्यांचीच जास्त धास्ती वाटली.

आणखी एक दुर्मीळ वर्ग आहे, थॉमिएल. इतर विचित्र वस्तूंना आवर घालण्यासाठी संस्था जी विचित्र वस्तू वापरते, ती थॉमिएल. हे वाचून मी मनाशीच हसलो. "तुम्ही मात्र त्यांच्यातले वाटत नाही हो," हे वाक्य मी आयुष्यात कितीदा ऐकलंय! त्यापुढची अपेक्षाही ठरलेली असते: आता तुम्हीच 'त्यांना' समजवा.

कुणी म्हणेल, गोष्टीतल्या भुताखेतांचा आपल्याशी काय संबंध? संबंध आहे. सणाच्या आदल्या दिवशी पेपरात आमच्या मोहल्ल्यापुढे 'संवेदनशील' असा शब्द येतो. मोहल्ल्यात बेकरी आहे, शिकवणी आहे, दोन दवाखाने आहेत. पण विचारलेला प्रश्न बंदोबस्ताचा असतो, म्हणून उत्तरही बंदोबस्ताचंच येतं.

आणि बोट फक्त बाहेर दाखवून भागणार नाही. घरात आपण वेगळं काय करतो? गप्प बसणारी मुलगी 'गुणी', प्रश्न विचारणारी 'हाताबाहेर गेलेली'. तिच्या मनात काय आहे, हे दोन्ही शब्दांतून कळत नाही. ती पेटीत मावते की नाही, एवढंच कळतं.

अजब गोष्टींची मांडणी दुसऱ्या तऱ्हेनेही करता येते. १३व्या शतकात इराकमध्ये काझी असलेल्या झकरिया अल-कझविनी यांनी 'अजाइब-उल-मखलूकात' हा ग्रंथ लिहिला. त्यात ग्रहताऱ्यांपासून फरिश्ते, खनिजं, वनस्पती, प्राणी, माणूस आणि जिन्नांपर्यंत सगळ्यांना जागा आहे. सुरुवातीलाच ते 'अजब' म्हणजे काय ते सांगतात: एखाद्या गोष्टीचं कारण न कळल्याने माणसाला पडणारा अचंबा. उदाहरण देतात मधमाशीच्या पोळ्याचं. लहानपणापासून बघत आल्यामुळे आपल्याला त्या षट्कोनी घरांचं नवल वाटेनासं होतं, असं त्यांचं म्हणणं. त्यांच्याही पुस्तकात वर्ग आहेतच, पण ते बघायला शिकवणारे आहेत.

कुलूप कधीच नको, असं मी म्हणत नाही. मानगूट मोडणारा पुतळा मोकळा सोडा, असं कोण म्हणेल? पण कुलपाचा वर्ग म्हणजे त्या वस्तूची ओळख नव्हे. कुणावर शिक्का मारण्याआधी 'याला आवरायचं कसं?' याच्या जोडीला 'हे आहे तरी काय?' हाही प्रश्न विचारायला हवा.

भाच्याला हे सांगितलं, तर म्हणाला, "मामू, मग तुमचा वर्ग कुठला?" म्हटलं, "ते तुझ्या मुमानीला विचार."