अफवेवर वृत्ताची मोहोर

दूरचित्रवाणी पाहण्याची रीत पालटली आहे आणि तिचे परिणाम नाशिकला सर्वांआधी भोगावे लागण्याची भीती आहे. घराघरांत संच चालू असतो, नजर मात्र मोबाइलवर. व्हॉट्सॲपवर चित्रफीत येते. मान वर होते ती वाहिनीही तेच दाखवते आहे का, एवढे पाहण्यापुरती. एकेकाळी बातमी देणारा पडदा आता मोबाइलवरील मजकुरास दुजोरा देण्यापुरता उरला आहे.

वाहिन्यांनी हे दुय्यमत्व निमूट स्वीकारले. नव्हे, त्याचा धंदा मांडला. ‘व्हायरल’ अशी पट्टी सरकवली, की पडताळणीचे दायित्व संपले! मग त्याच प्रसारणाचे तुकडे रील होऊन परततात, तेव्हा अफवेच्या कोपऱ्यात वाहिनीचे बोधचिन्ह झळकत असते. केबल दूरचित्रवाणी नियमांतील कार्यक्रम संहिता अर्धसत्याच्या प्रसारणास मनाई करते. तिची आठवण वृत्तकक्षांना उरलेली दिसत नाही.

१ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाड्यात नाथपंथी डवरी गोसावी समाजातील पाच निरपराधांना मुले पळवणारे समजून जमावाने ठेचून मारले. हे गाव आपल्याच महसुली विभागातले. त्या क्रौर्यास मोबाइलवरून फिरलेली अफवा पुरेशी ठरली. तिला वाहिनीची मोहोर लाभली तर काय होईल?

याचे उत्तर सिंहस्थात मिळू शकते. २०२७ मध्ये अमृतस्नानासाठी रामकुंडावर अफाट जनसमुदाय लोटेल. अन्यत्रच्या जुन्या दुर्घटनेची चित्रफीत कोणीतरी धाडील, एखादी वाहिनी तिथी-स्थळाविना ती दाखवील, गावोगावचे नातलग एकाच वेळी फोन लावतील, आणि पंचवटीच्या चिंचोळ्या गल्ल्यांत पुढे सरकणारी गर्दी अकस्मात मागे वळेल. त्या क्षणी ध्वनिक्षेपकावरील पोलिसांच्या सूचनेवर कोणी विश्वास ठेवणार नाही, कारण ‘टीव्हीवर दाखवले’ असेल.

म्हणून कुंभमेळा प्राधिकरण, पोलीस आयुक्तालय आणि वाहिन्यांचे संपादक यांनी पहिल्या पर्वणीपूर्वी लेखी बंधन घालून घ्यावे: दिनांक, स्थळ आणि स्रोत यांची खातरजमा झाल्याविना मोबाइलवरील एकही चित्रण प्रसारित होणार नाही. शहानिशेसाठी रामकुंडावर अहोरात्र जबाबदार अधिकारी असावा. प्रसिद्धिपत्रकाची वाट पाहण्याइतका अवधी अफवा देत नाही. सिंहस्थातील २७ ऑगस्ट २००३ च्या चेंगराचेंगरीनंतर याच शहराने चौकशी आयोग पाहिला आहे. मृतांच्या आप्तांना त्याच्या अहवालाचा उपयोग काय झाला, हे सत्ताधाऱ्यांनी त्यांनाच विचारावे.